गुणपत्रिकेचा ताळेबंद

(सुवर्णमहोत्सवानिमित्त नाशिक येथील व्याख्यानाचा मजकूर)

 

न्यासाच्या पन्नास वर्षांच्या वाटचालीचा गौरव या व्यासपीठावरून यथोचित झाला आहे. प्रस्तुत व्याख्यानाचा विषय काहीसा कटू आहे. परंतु सुवर्णमहोत्सव हा जसा आनंदाचा, तसा हिशेबाचाही प्रसंग असतो. दिवाळीत वहीपूजन करणाऱ्या समाजाला हे निराळे सांगावयास नको. पूजेपूर्वी जुनी वही मिटवावी लागते, येणे-देणे पाहावे लागते आणि तोटा असेल तर तो तोटा म्हणूनच लिहावा लागतो. शालेय शिक्षणाच्या वहीत मात्र गेली कित्येक वर्षे प्रत्येक खात्यावर नफाच नफा लिहिला जात आहे. तो नफा कितपत खरा आहे, एवढाच या व्याख्यानाचा विषय आहे.

दहावीचा निकाल लागला की नाशिकमधील समाजसंस्थांच्या सभागृहांत गुणवंतांच्या सत्काराचे समारंभ सुरू होतात. एके काळी साठ टक्के गुण मिळवून प्रथम श्रेणीत उत्तीर्ण होणारा विद्यार्थी साऱ्या गल्लीचा कौतुकविषय असे. आता पात्रतेची अट पंचाऐंशीवरून नव्वदवर नेली तरी सन्मानचिन्हे अपुरी पडतात. ही प्रगती खरी असेल तर तिच्यासारखी आनंदाची गोष्ट नाही. परंतु राज्य मंडळाचेच आकडे क्रमाने मांडले असता वेगळीच शंका येते. २०१८ मध्ये महाराष्ट्रातील दहावीचा निकाल ८९.४१ टक्के लागला. २०१९ मध्ये तो एकदम ७७.१० टक्क्यांवर आला. २०२० मध्ये तो ९५.३० टक्क्यांवर चढला. शंभर टक्के गुण मिळविणारे विद्यार्थी २०१८ मध्ये १२५ होते. २०१९ मध्ये ते अवघे २० उरले आणि २०२० मध्ये २४२ झाले. एका वर्षात साऱ्या राज्याची मुले मंदबुद्धी झाली आणि पुढच्याच वर्षी पुन्हा कुशाग्र झाली, असे कोणी म्हणणार नाही.

घडले ते असे. भाषा आणि सामाजिक शास्त्रे या विषयांत शाळेच्या हाती वीस गुण असत. २०१८-१९ या वर्षी ते काढून घेण्यात आले व शंभर गुणांची लेखी परीक्षा झाली. अभ्यासक्रमही त्याच वर्षी नवा होता, त्याचाही परिणाम झाला असणार. सारा दोष वीस गुणांच्या माथी मारणे न्यायाचे होणार नाही. पण निकाल खाली येताच जो गदारोळ उठला, त्यात विद्यार्थ्यांना काय येत नाही, याची चर्चा जवळपास झालीच नाही. चर्चा झाली ती अकरावीच्या प्रवेशाची. केंद्रीय मंडळाच्या विद्यार्थ्यांना अंतर्गत गुण मिळतात, आमच्या मुलांना मिळत नाहीत, मग नामांकित महाविद्यालयांत आमच्या मुलांनी जागा कशा मिळवाव्यात, असा पालकांचा सवाल होता. तो व्यवहाराच्या दृष्टीने बिनतोड होता. काही महिन्यांतच शासनाने वीस गुण परत दिले. पुढच्या वर्षी टाळेबंदीमुळे भूगोलाची प्रश्नपत्रिका रद्द करून सरासरीने गुण द्यावे लागले, हेही खरे. पण आलेख वर चढला तो चढलाच. २०२१ मध्ये महामारीमुळे परीक्षाच झाली नाही आणि निकाल ९९.९५ टक्के लागला. परीक्षा पूर्ववत झाल्यावरही तो २०२४ मध्ये ९५.८१ आणि २०२५ मध्ये ९४.१० टक्के राहिला.

नाशिककरांना या व्यवहाराचे मर्म लवकर उमगावे. नाशिक रोडच्या मुद्रणालयात १९२८ पासून नोटा छापल्या जात आहेत. बाजारात माल तेवढाच राहिला आणि नोटा मात्र वाढत गेल्या, तर नोटेवरचा आकडा तोच राहतो, तिची किंमत उतरते. गुणांचे तसेच झाले आहे. एका मंडळाने हात सैल सोडला की दुसऱ्याला तो सोडावाच लागतो; जे मंडळ ताठ राहील त्याची मुले मागे पडतील. या स्पर्धेत कोणी एक दुष्ट नाही. शिक्षक दयाळू आहे, मुख्याध्यापकाला निकालाची चिंता आहे, पालक आपल्या पाल्याचे हित पाहतो आणि शासन पालकांचे ऐकते. प्रत्येकाचे वागणे आपापल्या जागी समजण्यासारखे आहे, आणि सर्वांच्या समजूतदारपणातून तयार होणारा कागद खोटा आहे.

मुलांना प्रत्यक्षात येते काय, हे पाहण्याचा एक साधा प्रयत्न 'प्रथम' या संस्थेने २००५ पासून 'असर' या नावाने चालविला आहे. ग्रामीण भागात घरोघरी जाऊन मुलासमोर एक कागद ठेवला जातो. त्यावर आधी अक्षरे, मग शब्द, मग पहिलीच्या पातळीचा परिच्छेद आणि शेवटी दुसरीच्या पातळीची छोटीशी गोष्ट असते. लासलगावच्या बाजार समितीत ट्रॉलीतला कांदा हातात घेऊन पाहिल्याशिवाय व्यापारी बोली लावत नाही. गोणीवर काय लिहिले आहे ते तो विचारीत नाही. ही पाहणी तशीच आहे. तीत मुलाची इयत्ता विचारून त्याचे ज्ञान गृहीत धरले जात नाही. २०२४ च्या पाहणीत देशाच्या ग्रामीण भागातील पाचवीच्या मुलांपैकी दुसरीच्या पातळीचा मजकूर वाचू शकणारी मुले निम्म्याहून किंचित कमी आढळली. तीन अंकी संख्येला एक अंकी संख्येने भागणे पाचवीतील सुमारे ३० टक्के मुलांनाच जमले. महामारीत झालेली घसरण बरीचशी भरून निघाल्यानंतरचे हे चित्र आहे, म्हणजे हे चांगल्या वर्षाचे आकडे होत. यांतील बहुसंख्य मुले सहावीत, सातवीत आणि यथावकाश दहावीत जाणार आहेत. वाचता न येणाऱ्या मुलापुढे इतिहासाचे पुस्तक ठेवल्यावर त्याने काय करावे? ते मूल वर्गात शांत बसावयास शिकते, एवढेच.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. 'आमच्या वेळी असे नव्हते' हे वाक्य ज्येष्ठांच्या सभेत हमखास टाळ्या घेते. ते अर्धेच खरे आहे. १९५१ च्या जनगणनेत देशातील साक्षरता सुमारे १८ टक्के होती. २०११ मध्ये महाराष्ट्रातील साक्षरता ८२ टक्क्यांच्या पुढे गेली. जुन्या सातवीच्या व्हर्नाक्युलर फायनलला बसणारा विद्यार्थी पक्का असे, कारण कच्चे विद्यार्थी त्यापूर्वीच शाळेबाहेर पडलेले असत आणि मुलींतील फार मोठा वर्ग शाळेत आलेलाच नसे. पेठ-सुरगाण्याच्या पाड्यांवरील मूल त्या काळच्या गुणवत्तेच्या हिशेबात धरलेलेच नव्हते. आज ते मूल वर्गात बसले आहे, ही स्वातंत्र्योत्तर काळातील थोर कमाई आहे. मग तक्रार कशाची? ज्या पिढीने त्याला वर्गात आणले, तिने तेथे त्याला शिकविले नाही आणि शिकविल्याचा दाखला मात्र दिला, याची.

शिक्षण हक्क कायद्यावर या संदर्भात पुष्कळ टीका होते. २००९ चा हा कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला आणि आठवीपर्यंत कोणालाही त्याच इयत्तेत मागे ठेवू नये असा नियम आला. 'परीक्षा गेली आणि अभ्यास गेला' असा निष्कर्ष लोकांनी काढला. वस्तुतः परीक्षा गेली नव्हती. एका वार्षिक परीक्षेऐवजी वर्षभर सतत मूल्यमापन करावे, मूल कोठे अडते ते पाहावे आणि तेथेच त्याला हात द्यावा, असा मूळ विचार होता. तो वर्गात पोहोचेपर्यंत त्याचे काय झाले, हे कोणताही प्रांजळ शिक्षक सांगेल. आकारिक व संकलित मूल्यमापनाचे तक्ते आले. प्रत्येक मुलाविषयी वर्णनात्मक नोंदी लिहिण्याचे बंधन आले. आणि अल्पावधीतच तयार नोंदींच्या पुस्तिका बाजारात मिळू लागल्या. मुलाकडे पाहून लिहावयाची नोंद पुस्तिकेकडे पाहून लिहिली जाऊ लागली. 'स्वतःहून प्रश्न विचारतो' ही नोंद ज्या मुलाच्या नावापुढे आहे, त्याने वर्षभरात तोंडही उघडलेले नसते. कायद्यातील नापास न करण्याचा अर्धा भाग अमलात आणण्यास सोपा होता, तो आला. शिकविण्याचा अर्धा भाग कष्टाचा होता, तो राहिला. आता २०१९ च्या केंद्रीय दुरुस्तीनंतर महाराष्ट्राने डिसेंबर २०२३ मध्ये पाचवी व आठवीसाठी वार्षिक परीक्षा पुन्हा आणली आहे. ती स्वागतार्ह आहे. परंतु पाचवीत नापास होणारे मूल दुसरीतच मागे पडलेले असते, आणि तीन वर्षांनी त्याला ते सांगणे हे फार उशिराचे सत्य झाले.

शासनाच्या शिक्षणविषयक आयोगांपैकी १९६४ ते १९६६ या काळात काम केलेल्या आयोगाचे अध्यक्ष डॉ. दौलतसिंह कोठारी होते, याची आठवण या सभागृहात विशेष औचित्याची ठरावी. उदयपूरच्या जैन कुटुंबात १९०६ मध्ये जन्मलेले हे पदार्थवैज्ञानिक, मेघनाद साहांचे शिष्य, केंब्रिजला रदरफोर्ड यांच्या प्रयोगशाळेत काम केलेले. आधुनिक भौतिकशास्त्रातील पूरकतेच्या तत्त्वाशी स्याद्वादाचा संबंध जोडून लिहिणारेही तेच. आयोगाचे सदस्य-सचिव कोल्हापूर जिल्ह्यातील जे. पी. नाईक होते. त्यांच्या अहवालातील सहा टक्के खर्चाची शिफारस सर्वांना ठाऊक असते. परीक्षांविषयीच्या शिफारशी मात्र विस्मृतीत गेल्या. शाळेने विद्यार्थ्याचे अंतर्गत मूल्यमापन करावे, हे आयोगाला मान्य होते. नव्हे, त्याने त्याला मोठे महत्त्व दिले. पण अंतर्गत मूल्यमापनाचा निकाल बाह्य परीक्षेच्या निकालापासून स्वतंत्र दाखवावा, असे त्याने सुचविले होते. प्रमाणपत्रावर विषयवार कामगिरी असावी, संपूर्ण परीक्षेत उत्तीर्ण वा अनुत्तीर्ण असा शेरा असू नये, असेही त्याचे मत होते. दोन रकाने वेगळे ठेवले असते तर शाळेने दिलेले वीसपैकी एकोणीस आणि लेखी परीक्षेतील ऐंशीपैकी अठरा हे शेजारी शेजारी दिसले असते आणि विसंगती कोणालाही कळली असती. रकाने एकत्र केले; बेरजेने विसंगती गिळून टाकली. रोजमेळ आणि खतावणी यांचा मेळ घालण्याऐवजी दोन्हींची बेरीज करून शिल्लक काढणाऱ्या मुनिमाला कोणत्याही पेढीवर दुसऱ्या दिवशी ठेवले नसते.

श्रोतेहो, जैन परंपरेत अभ्यासाला जे स्थान आहे ते येथे पाहण्यासारखे आहे. तत्त्वार्थसूत्र हा ग्रंथ दोन्ही संप्रदायांना मान्य आहे. त्याच्या नवव्या अध्यायात स्वाध्यायाची गणना आभ्यंतर तपात केली आहे आणि त्याचे पाच प्रकार सांगितले आहेत: वाचना, पृच्छना, अनुप्रेक्षा, आम्नाय आणि धर्मोपदेश. अभ्यास हे तप आहे, म्हणजे त्यात कष्ट आहेत आणि ते ज्याचे त्यालाच करावे लागतात. दुसऱ्याने केलेल्या उपवासाने आपले पोट हलके होत नाही. या पाचांपैकी वाचना ही केवळ पहिली पायरी. लगेच दुसरी पायरी प्रश्नाची आहे. श्वेतांबर आगमांतील भगवतीसूत्र हा विशाल ग्रंथ तर मुख्यतः प्रश्नोत्तररूपच आहे. त्यात छत्तीस हजार प्रश्न होते, असे परंपरा सांगते. विचारणारे इंद्रभूती गौतम, प्रकांड पंडित आणि भगवंतांचे पहिले गणधर. इतक्या अधिकारी शिष्यालाही पुन्हा पुन्हा विचारताना संकोच वाटला नाही आणि गुरूला उत्तर देताना कंटाळा आला नाही.

आजच्या वर्गात प्रश्न विचारण्याचा अधिकार प्रश्नपत्रिकेकडे गेला आहे. तीही अशी की तिचे प्रश्न आधीच ठाऊक असावेत, ही सर्वांची अपेक्षा. अपेक्षित प्रश्नसंच, तयार उत्तरे, निबंधांची पुस्तके आणि आता मोबाइलवर विचारताच क्षणात लिहून मिळणारे उत्तर! वाचनेवाचून थेट उपदेशापर्यंत उडी मारता येते, अशी समजूत मुलांची झाली तर त्यात त्यांचा दोष थोडा. आम्नाय म्हणजे शुद्ध उच्चारासह आवृत्ती. तिला 'घोकंपट्टी' म्हणून शाळेतून हद्दपार केले गेले. पाढे पाठ नसलेले मूल भागाकारात अडखळते, कारण त्याची सारी शक्ती सात आठे किती, हे आठवण्यातच खर्च होते. पाठांतर हे चिंतनाचे शत्रू नव्हे. ते चिंतनाचे भांडवल आहे. मात्र पाठांतरापाशीच थांबणे हे भांडवल तिजोरीत कुलूप लावून ठेवण्यासारखे आहे, आणि हा दोष शाळांइतकाच धार्मिक पाठशाळांतही आढळतो. प्रतिक्रमणाची सूत्रे अस्खलित म्हणणाऱ्या किती बालकांना त्यांतील चार ओळींचा अर्थ सांगता येईल? शाळेला नावे ठेवण्यापूर्वी हा प्रश्न समाजाने आपल्या घरात विचारलेला बरा.

घराचा विषय निघाला म्हणून भाषेविषयी दोन शब्द. नाशिकच्या अनेक जैन कुटुंबांत घरी मारवाडी, गुजराती किंवा कच्छी, दुकानात मराठी आणि शाळेत इंग्रजी असा क्रम आहे. तीन भाषांची ही श्रीमंती मोठी. पण कोणत्याही एका भाषेत शंभर पानांचे पुस्तक आवडीने वाचून संपविणारे मूल शोधावे लागते. इंग्रजी माध्यम हा अपराध नव्हे. इंग्रजी शब्दांचे उच्चार म्हणजे वाचन, हा भ्रम तेवढा घातक आहे.

शिक्षकांविषयी बोलणे अधिक अवघड आहे, कारण त्यांच्यावर अन्यायही झाला आहे आणि त्यांच्यातील काहींनी अन्याय केलाही आहे. महाराष्ट्रात २००० पासून शिक्षणसेवक योजना आली. प्राथमिक शाळेत तीन हजार रुपये मासिक मानधनावर तीन वर्षे काढणाऱ्या तरुणाकडून समाजाने ऋषितुल्य निष्ठेची अपेक्षा केली. मानधन पुढे वाढले. निवडणुका, सर्वेक्षणे, माहितीचे तक्ते आणि पोषण आहाराच्या नोंदीही वाढल्या. दुसरीकडे, शिक्षक होण्यासाठी द्यावयाच्या पात्रता परीक्षेतील गैरव्यवहार २०२१ च्या अखेरीस उघडकीस आला आणि सात हजार आठशेहून अधिक उमेदवारांवर कारवाई झाली. पैसे देऊन उत्तीर्ण झालेला शिक्षक कॉपी करणाऱ्या मुलाला अचौर्याचा अर्थ कोणत्या तोंडाने सांगणार?

कुंभोजच्या जैन कुटुंबात १८८७ मध्ये जन्मलेल्या भाऊराव पाटलांनी १९१९ मध्ये काले येथे रयत शिक्षण संस्था स्थापन केली. तिचा विस्तार सर्वांना ज्ञात आहे, पण तिचा क्रम फारसा लक्षात घेतला जात नाही. त्यांनी आधी वसतिगृहे उभारली, त्यांत सर्व जातींची मुले एकत्र ठेवली आणि स्वावलंबनाने शिकविली. १९३५ मध्ये साताऱ्यास शिक्षक तयार करणारे अध्यापक विद्यालय काढले. गावोगावच्या शाळांचा मोठा विस्तार त्यानंतरचा. आधी शिक्षक, मग शाळा! नाशिक जिल्ह्यातही चांदवडला १९२८ मध्ये केशवलालजी आबड यांनी श्री नेमिनाथ जैन ब्रह्मचर्याश्रम सुरू केला, तेव्हा मुले गुरूंच्या सहवासात राहावीत, ही कल्पना होती. अलीकडे हा क्रम उलटला आहे. प्रथम इमारत उभी राहते, मग गणवेश ठरतो, मग बसगाड्या येतात, आणि मे महिन्याच्या अखेरीस शिक्षकांसाठी जाहिरात निघते.

या पोकळीत खासगी शिकवण्यांचा व्यवसाय फोफावला, यात आश्चर्य नाही. कॉलेज रोड आणि गंगापूर रोडवर सायंकाळी जी गर्दी दिसते ती शाळा सुटल्यावर शिकण्यासाठी निघालेल्या मुलांची आहे. कनिष्ठ महाविद्यालयात नाव, शिकवणीत शरीर, असा प्रकार इतका सर्रास झाला की २०१८ मध्ये शासनाला विज्ञान शाखेसाठी बायोमेट्रिक हजेरीचा आदेश काढावा लागला. शिकवणीतील सगळेच वाईट असते असे नाही. तेथे काही शिक्षक उत्तम शिकवितात. पण हजेरी एका संस्थेची आणि शिक्षण दुसऱ्या संस्थेत, हे मूल सोळाव्या वर्षी पाहते आणि त्यातून एक धडा घेते. तो कोणत्याही पाठ्यपुस्तकात छापलेला नाही.

मंडळाची गुणपद्धती एका न्यासाला बदलता येणार नाही. परंतु न्यासाच्या शिष्यवृत्त्या, सत्कार आणि पाठशाळा या तीन गोष्टी पूर्णतः न्यासाच्याच हाती आहेत. टक्केवारीची अट घालून सत्कार करणारी प्रत्येक संस्था, तिच्या नकळत, फुगलेल्या चलनाला बाजारात मान मिळवून देते. त्याऐवजी शिष्यवृत्तीच्या प्रत्येक अर्जदाराला अपरिचित पुस्तकातील एक पान मोठ्याने वाचावयास द्यावे, त्याचा आशय स्वतःच्या शब्दांत सांगण्यास सांगावे आणि त्या पानाविषयी त्यालाच दोन प्रश्न विचारावयास लावावेत. यास प्रत्येकी दहा मिनिटे लागतील. ज्याला वाचता आले नाही त्याला नाकारू नये; त्याच्यासाठी वर्षभर आठवड्यातून दोन दिवस शिकविणारा माणूस द्यावा. समाजात निवृत्त शिक्षक आणि सुशिक्षित गृहिणींची उणीव नाही, आणि पाठशाळेची खोली सायंकाळी एक तास मोकळीच असते. पाचवीपर्यंतच्या मुलांपासून आरंभ केल्यास उत्तम, कारण तेथे दुरुस्ती स्वस्त पडते. प्रत्येक मुलाचा जून महिन्यातील आणि मार्च महिन्यातील वाचनाचा स्तर एका साध्या वहीत लिहून ठेवावा, जे असेल तेच लिहावे, आणि पुढील वार्षिक सभेत जमाखर्चाबरोबर ती वहीही विश्वस्तांसमोर ठेवावी.